बागेतला पॅटन

२२ नोव्हेंबर १९८१, रविवार
रणगाडा आला! ट्रेलरवरून आणला, क्रेनने आमच्या मुलुंडच्या बागेत उतरवला. एकाहत्तरच्या लढाईत पाकिस्तानकडून पकडलेला पॅटन. ढोल काय, गुलाल काय — गणपती आल्यासारखं. कुशीत नारळाएवढं भोक आहे. समितीचे नाना त्यात मूठ घालून दाखवत होते.
"लवूभाऊ, तुम्ही असलाच फोडलात ना?"
मान हलवली. फोडला होता. जीपवरच्या तोफेवर नेमबाज मी, गोळा भरायला धाकू. डावा कान त्याच तोफेने गेला. धाकू दोन वर्षांमागे वारला. आता त्या दिवसाबद्दल बोलायला कोणी नाही.

२५ नोव्हेंबर
कंपनीतून सुटल्यावर बागेत गेलो. हिरवा रंग मारून झालाय. वरचं झाकण उद्या वेल्डिंग करून बंद करणार. आज उघडं होतं, म्हणून चढून आत वाकलो. सीटचं कातडं जळून नुसत्या स्प्रिंगा उरल्यात. इथे बसलेल्यांचं काय झालं, कोणी विचारत नाही. भोक बघतात आणि टाळ्या वाजवतात.
"काका, रंग ओला आहे!" पेंटर ओरडला. हात हिरवा झाला. रॉकेलने घासला.

२९ नोव्हेंबर, रविवार
नाना घरी आले. सोळा डिसेंबरला, विजयाला दहा वर्षं झाली म्हणून, बागेत कार्यक्रम. भाषण मी करायचं. रणगाड्याला हार घालणार रत्नप्रभा सावंत, घाटकोपरच्या.
"त्यांचे मिस्टर आपल्या रणगाड्यात होते. शत्रूच्या गोळ्याने जळाले बिचारे. तुमच्याच आघाडीवर म्हणे!"
कुठली तुकडी, विचारलं. नानांनी चिठ्ठी काढून वाचली. पुढचं काही ऐकलं नाही.
जेवण गेलं नाही. बायको, शेवंती, म्हणाली, "असे गप कित्याक बसलात? मान मिळता तो घेवा मगे!"

३ डिसेंबर
ताप. कामावर गेलो नाही.

६ डिसेंबर, रविवार
रत्नप्रभाबाई स्वतःच आल्या! नानांनी पत्ता दिला. बारीक बाई, केस पिकलेत, वय फार नसावं. शाळेत शिवण शिकवतात. शेवंतीने चहा केला. बाई थेट माझ्याकडे बघत होत्या.
"एकच विचारायचंय. लष्कराच्या ऑफिसचं पत्र आलं, त्यात फक्त वीरमरण लिहिलेलं. त्यांना त्रास झाला का हो?"
"नाही," मी म्हणालो. "एका क्षणात गेले. कळलंही नसेल."
त्यांनी डोळे पुसले. "दहा वर्षांत हे सांगणारं कोणी भेटलं नव्हतं."
उठताना मला वाकून नमस्कार करायला लागल्या. मी मागे सरलो, स्टूल पडलं.
खोटं बोललो. सरळ, चहा पिता पिता.

७ डिसेंबर
शेवंती विचारते, ती बाई येऊन गेल्यापासून तुमका झालाय काय? काय सांगू हिला?

१३ डिसेंबर
नानांना म्हटलं, भाषण जमणार नाही. "लाजताय काय राव! पत्रिका छापून झाल्या."

१६ डिसेंबर, बुधवार
झाला कार्यक्रम. लाऊडस्पीकर, पताका, नळीला झेंडूच्या माळा. रत्नप्रभाबाईंनी हार घातला. मग माझं नाव पुकारलं. माइक धरला. समोर पहिल्याच रांगेत त्या बसलेल्या, पदर सावरून, मी काय सांगतो ते ऐकायला.
"जय हिंद," एवढंच बोललो आणि उतरलो. टाळ्या! नाना सगळ्यांना सांगत होते, "बघा, खरा सैनिक बोलत नाही."
लोक रणगाड्यावर चढून फोटो काढत होते. मी मागच्या फाटकातून घरी आलो.

१७ डिसेंबर
रजा टाकली. घाटकोपरला जाऊन रत्नप्रभाबाईंना सगळं सांगितलं. त्या सकाळी धुकं होतं. पहिला गोळा शत्रूच्या रणगाड्याला लागला. दुसरा मी त्यांच्या नवऱ्याच्या रणगाड्यावर मारला. आपला आहे हे दिसलंच नाही. मी आणि धाकू धावत जवळ गेलो, तेव्हा आतून आवाज आला, "आई गं!" — मराठीत. झाकण तापून लाल झालं होतं. आम्हाला उघडता आलं नाही.
बाई म्हणाल्या, "किती वेळ येत होता आवाज?"
तेही सांगितलं.