सगळे एका गाडीत नकोत

अम्मी, काल एगैलाच्या मॉलला निघताना मी मुलाला शेजाऱ्यांच्या गाडीत बसवलं. आमच्या गाडीची मागची अख्खी सीट रिकामी होती. त्याने इंग्रजीत कारण विचारलं. शेजाऱ्यांना सोबत होईल, असं काहीतरी मी पुटपुटलो. तो आता मिसरूड फुटलेला घोडा झालाय, त्याला असल्या थापा पटत नाहीत.

तू इथे आखातात, महबूल्याला आमच्याकडे राहायला आली होतीस, तेव्हा हा कडेवर होता. ईदला रुमैथियात साहेबांकडे जेवण होतं. खाली पार्किंगमध्ये तू अडून बसलीस, सगळे एका गाडीत नकोत, पोराला घेऊन कुणीतरी मागून टॅक्सीने या. हापिसातले दोघे बायकांसह उभे होते. त्यांच्यादेखत मी तुझ्यावर खेकसलो, की हे गावाकडचं खूळ इथे चालायचं नाही. तू पदर सारखा केलास आणि हळूच म्हणालीस, "कोई तो बचना ना, बेटा." मी तुला दंडाला धरून आत बसवलं. तू तिथे घासही घेतला नाहीस. मी दोनदा बिर्याणी वाढून घेतली. आठवलं की लाजेने मान खाली जाते.

मला माहीत नव्हतं अशातला भाग नाही. तुला वाढवणाऱ्या कुंभारीण आजीने मला सांगितलं होतं. निजामाचं राज्य गेलं त्या पावसाळ्यात रझाकारांच्या अत्याचारांचा सूड लोकांनी गावातल्या आपल्या मुसलमान वस्तीवर उगवला. भीतीने सगळं कुटुंब एकाच घरात गोळा झालं आणि एकदमच कापलं गेलं. तू रुसून आजीकडे झोपायला गेली होतीस, म्हणून तेवढी उरलीस. आपण मात्र सगळ्यांना पटकीची साथ सांगत आलो. हे लपवण्यामागची तुझी भीती मला समजते. पण मी तर बायकोलाही साथीचंच सांगितलं. हापिसात एक कुर्दी म्हातारा आहे, त्याचं गावच्या गाव मारलं गेलं. चहा पिताना तो ते सांगतो, ऐकणारे खुर्च्या जवळ ओढतात. माझ्या आईचंही असंच झालं, एवढं एक वाक्य माझ्या तोंडून कधी निघालं नाही.

आज सकाळी मुलाने पुन्हा गाठलं. "अब्बा, टेल मी द रिअल रीझन." मी म्हणालो, बोलायला जमायचं नाही, तुझ्यासाठी लिहून ठेवतो. तेच लिहायला बसलो होतो. पण मायना तुझा घातला, आणि लिहिलं मराठीत. त्याला मराठी वाचता येत नाही, अम्मी. पहिली ओळ लिहितानाच मला हे ठाऊक होतं.