चिंचेचा कोवळा पाला

ती. आईंना सुनेचा नमस्कार.

तुम्ही चिंचेने हंडा घासत होता, मी पाणी भरत होते आणि तुमचा मुलगा कोवळा पाला चघळत उभा होता. "दात आंबतील रे," म्हणालात. हे गेल्यापासून ती सकाळ अधूनमधून आठवते. परवा इथल्या रोपवाटिकेत फार आठवली.

माझी तब्येत बरी आहे. चिंच आणि गुलमोहर एकाच कुळातले, असं मी पुस्तकात वाचलंय. एवढीशी रोपं दिसतातही सारखीच. पाणी घालताना पिशव्या हलवल्या आणि माझ्याकडून दोन्हींची सरमिसळ झाली. मालक कडाडले, "उद्या चिंचेची गाडी भरायचीय. ज्याने घोळ घातला त्याने घरी बसावं!" आणि बघत होते सोबतच्या मावशींकडे. त्यांचा नवरा अंथरुणाला खिळलाय. धाकट्या लेकीची शाळा माझ्या कामावर चालते, म्हणून मी गप्प राहिले, आई.

तुमचे गुडघे कसे आहेत? धाकटी त्रास देत नाही ना?

दुसऱ्या दिवशी उजाडताच मी प्रत्येक रोपाचं एकेक पान चाखलं, आंबट तेवढी वेगळी काढली आणि मालकांना सांगितलं, घोळ माझा होता.

तुमची सून