कापलेली होडी

प्रिय वैदेही,

तुमच्या वाहिनीच्या दंगलीवरच्या मालिकेचा प्रोमो पाहिला. ‘यांना ओळखता का?’ असं विचारत ज्याच्या चेहऱ्याभोवती तुम्ही लाल वर्तुळ काढलंत, त्याला मी ओळखते. तूही ओळखतेस. करावे गावातला भगवान, तुला खाडीत पोहायला शिकवणारा. तरुणपणीचे काळे केस पाहून फसली असशील, पण तो अर्धा तुटलेला कान तरी दिसायला हवा होता.

ते चित्रीकरण दंगलीचं नाहीच. आमच्या वेळी कोरी टेप वाया घालवत नसत. आमच्या कॅमेरामन सुधीरने दंगल टिपली आणि उरलेल्या टेपवर, पुढे नारळी पौर्णिमेला, करावेची माणसं नवी होडी खाडीत लोटताना घेतली. वाहिनीची टेप-लायब्ररी तेव्हा माझ्याकडे होती. खोक्यावर दंगलीची आणि होडीची, दोन्ही ओळी मी लिहिल्या, कॉन्व्हेंटच्या ठसठशीत अक्षरात. डिजिटल करणाऱ्या महाभागांनी पहिलीच उतरवली. मग तुम्ही ते जुनं चौकोनी चित्र रुंद पडद्यावर बसवायला खालून कापलंत. होडी गेली. उरली ओरडणारी माणसं आणि त्यांच्या हातातले वल्ह्यांचे दांडे. अख्खी टेप बघायला तुमच्यात एकालाही सवड नव्हती?

मी रागावून लिहितेय, कारण राग ओसरला की हे पत्र पुरं व्हायचं नाही. रविवारी भगवानच्या खिडकीवर दगड पडला. सोमवारी बाजारात जाईबाईची, त्याच्या बायकोची, मासळीची पाटी कुणीतरी लाथेने उलटवली. ती तळवलीला भावाकडे गेलीय. लिफ्टमध्ये आपल्या सोसायटीचे चेअरमन दिनानाथ म्हणाले, “सुचित्राताई, असल्या माणसाकडून मासे घेता तुम्ही?” मी म्हटलं, “तुम्हीही घेता, आणि वर दोन बोंबील मागून घेता.” लिफ्टमधले बाकीचे हसले नाहीत. घरी येऊन मी दोन्ही कड्या लावल्या. आता गॅलरीत कपडे वाळत घालायलाही जात नाही. काल गेटवर तीन अनोळखी मुलं मोबाइलमधला तो फोटो दाखवून वॉचमनला विचारत होती, हा म्हातारा इथे येतो का.

येतो. परवापासून तो तुझ्या खोलीत आहे. दिवा लावत नाही, खोकला आला की उशीत तोंड खुपसतो. “बाय, होरी लोटली त्याचा बी गुना झाला काय?” एवढंच विचारतो.

शुक्रवारी भाग दाखवला जाईल. त्याआधी तो शॉट काढ. नुसता गुपचूप काढू नकोस, चूक झाली म्हणून पडद्यावर सांगा, आणि होडीसकट पूर्ण चित्र दाखवा. तुझी नोकरी जाईल, हे मला कळतं. फोनवर हे बोलता आलं असतं, पण तुझ्या खोलीची भिंत पातळ आहे. शॉट निवडणारी तू आहेस, हे त्याला ठाऊक नाही. आज सकाळी चहा घेताना तोच मला धीर देत होता, “वैदेही टीवीत हाय नं, तिला सांगा. ती बगंल.”

तुझीच,
आई