दातांच्या डॉक्टरचा पत्ता

प्रिय आई,
धाकट्याचा शालोम आणि वाकून नमस्कार.

मी मजेत आहे. लॉन्ड्रीत दिवसभर इस्त्रीच्या मशीनपाशी उभा असतो, त्यामुळे थंडीची काळजी करू नकोस. जेवतोही वेळेवर. बहुतेक वेळा.

शनिवारी इथल्या गोऱ्या लोकांच्या सिनेगॉगमध्ये प्रार्थनेला गेलो. दारावरच्या माणसाने मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "तू खरंच ज्यू आहेस?" मी म्हटलं, "आजोबांच्या आजोबांपासून!" मग सोडलं आत. प्रार्थना आपलीच गं, पण चाल भलतीच. मी नुसते ओठ हलवले.

संपल्यावर सवयीने शेजारच्या म्हाताऱ्याचा हात दोन्ही हातांत घेतला आणि आपल्याकडे सगळे लावतात तशी स्वतःची बोटं ओठांना लावली. त्याला वाटलं, माझा दात दुखतोय! भला माणूस, दातांच्या डॉक्टरचा पत्ता लिहून दिला. मीही मुकाट्याने खिशात घातला.

तुझा गुडघा कसा आहे? ताई तुला प्रार्थनेला नेते ना? जिना सावकाश चढ.

एक करशील? वाचून झालं की या कागदावर हात ठेव आणि बोटं ओठांना लाव. पाकीट चिकटवण्याआधी मी तेच करतोय.

तुझाच,
धाकटा