जपानी कोचचं मराठी

आप्पा, तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली, आणि मी लिहितेय ते एका व्हिडिओ गेमबद्दल. अंबाजोगाईच्या आपल्या बटणं-दोऱ्याच्या दुकानात, गल्ल्यामागच्या टीव्हीला तुम्ही औरंगाबादहून आणलेला गेम जोडला होता. फुटबॉलच्या त्या कॅसेटमध्ये खेळापेक्षा बोलणंच जास्त. मधेच सामना थांबतो, एखाद्याचा चेहरा मोठा होतो, खाली जपानी अक्षरं येतात. मी बटणं दाबायची, तुम्ही ती अक्षरं वाचून दाखवायचात, म्हणजे चेहरा बघून सांगायचात. कपाळाला आठ्या घातलेला गोलकीपर तुमच्या मते कोचचा मुलगा होता, बापाशी अबोला धरलेला. शेजारचे टेलरकाका हसायचे, "काय बे, जपानी कवा शिकलास?" तुम्ही दोरा गुंडाळत म्हणायचात, "शिकायला कशाला लागतंय? पोरगं रुसलंय, दिसत न्हाई का तुला?"

परदेशातल्या काही हौशी लोकांनी त्या गेमचं इंग्रजी केलंय, कुणी न सांगता, फुकट. त्यावरून मी आता मराठी करतेय. अनुवादाचा अनुवाद, हे मला टोचतंच. म्हणून नियम घातला की मुळात असेल तेच लिहायचं. गोलकीपर कोचचा कुणीही नाही. आठ्या आहेत त्या गुडघा दुखतोय म्हणून. मी तसंच लिहिलं. लिहिताना काही वाटलं नाही, किंवा वाटलं ते तपासलं नाही. पण माझं एकेक वाक्य बरोबर होत गेलं तसं तुमचं एकेक पुसलं जात होतं, आणि घरी आपण फारसं बोलत नसल्यामुळे तुमची वाक्यं माझ्याकडे मुळात थोडीच आहेत.

सामना हरल्यावर कोच त्या गोलकीपरजवळ येतो. मूळ गेममध्ये तो म्हणतो, उद्या सकाळी सरावाला ये. तुम्ही दर वेळी वाचायचात, "हारलास तर हारलास. घरी ये." आजोबा, तुमचे वडील, तेव्हा तेलगावला होते आणि तुमचं त्यांच्याशी बोलणं बंद होतं, हे मी त्या जागेवर येऊन थांबले तेव्हा मला आठवलं. त्यावरून काही ठरवणं बरोबर नाही. गिऱ्हाईक नव्हतं म्हणून तुम्ही नुसता वेळही घालवत असाल.

गेममध्ये अक्षरं बसवणाऱ्या मित्राने काल विचारलं, "समदं मुळासारखंच हाय ना?" मी हो म्हणाले. त्या एका जागी तुमचं वाक्य ठेवलंय. हे इथेच लिहून ठेवते, त्याला सांगणार नाही.