चार फुटांची माफी

मनीषनगर, नागपूर

साडूभाऊ देवरावजी यांस,
रुपरावचा मनापासून रामराम.

तिकडे अकोल्यात तुमची शुगर काबूत असेल आणि कांताबाई तुम्हाला जिलेबीपासून लांब ठेवत असतील, अशी आशा करतो. इकडे सिंधूचे गुडघे सोडले तर सगळं झकास. (फोनवर तुम्ही मला बोलू देत नाही, म्हणून पत्र.) आमच्या घराला लागून असलेला तुमचा मोकळा प्लॉटही मजेत आहे. गवत परवाच काढून घेतलं.

शेजारच्या आनंदरावांशी माझं नऊ वर्षं का वाजलंय, ते तुम्हाला ठाऊकच आहे. त्यांचं किचन माझ्या जागेत घुसलंय असं मी म्हणतो आणि ते ऐकत नाहीत. शेवटी यंदा सरकारी मोजणीचा अर्ज केला. सिंधू नको म्हणत होती. "त्या मशीनले काय मालूम, अर्ज कोनं केला ते?" पण बायकांना कायदा कळत नाही (हे वाक्य कांताबाईंना दाखवू नका). अर्जासोबत जागेचा कच्चा नकाशा लागतो. मी हौसेने काढला. त्यात माझं घर, तुळस, पाण्याची टाकी, आणि लाल शाईने आनंदरावांचं किचन. ऑफिसातल्या बाईंनी विचारलं, दुसऱ्या बाजूला कोण? तुमचा प्लॉट काढायचा राहूनच गेला होता, तो तिथेच उभ्याउभ्या काढून दिला.

मोजणीच्या दिवशी आनंदराव इस्त्रीचा शर्ट घालून, स्वतःचा टेप घेऊन हजर. मोजणीच्या मॅडम टोकाला चकती लावलेली एक काठी घेऊन आल्या. ती म्हणे उपग्रहाला विचारून हद्द सांगते. सिंधूने तर्री-पोहे केले होते आणि आनंदरावांकडून आलुबोंडे आले. मॅडमनी कोणाकडचंच घेतलं नाही. एकाचं खाल्लं तर दुसरा तक्रार करायचा! दोन्ही ट्रे ओट्यावर निवत पडले. शेवटी अन्न वाया जाऊ नये म्हणून त्यांचे आलुबोंडे मी घेतले आणि माझ्या पोह्यांवर ते तुटून पडले. तर्रीने त्यांच्या नाकाडोळ्यांतून पाणी आलं, तरी त्यांनी ती पुन्हा मागितली. तेवढ्यात चुन्याची रेघ पडली आणि देवरावजी, मी खरा ठरलो! किचन चक्क चार फूट माझ्या जागेत! कोपऱ्यावरच्या पहिल्या घराने रस्त्याकडून चार फूट जास्त सोडून पाया खणला होता आणि आनंदरावांनी पुढे त्याच्याच भिंतीपासून टेप लावला होता.

आनंदराव त्या रेघेकडे बघत राहिले. तोंडातला घास गिळून हळूच म्हणाले, "काहून गा रुपराव, आता माहं किचन पाडतं का?"

खरं सांगतो, हातातला आलुबोंडा खाली ठेवला. मी सगळ्या गल्लीसमोर त्यांना माफ करून टाकलं. लोक अजून माझं नाव काढतात. आता रोज संध्याकाळी त्यांच्या किचनमध्ये (म्हणजे माझ्याच चार फुटांत) बसून चहा पितो. फार बरं वाटतं. उगाच नऊ वर्षं घालवली.

कांताबाईंना नमस्कार. लोभ आहे तेवढा राहू द्या, जमल्यास थोडा वाढवा.

आपला साडू,
रुपराव

ता. क. : घर बांधताना मीही टेप आनंदरावांच्या भिंतीपासूनच लावला होता. त्यामुळे माझं घरसुद्धा चार फूट सरकून तुमच्या प्लॉटात शिरलंय. त्या चार फुटांत आमचं बाथरूम आहे, सिंधूच्या गुडघ्यांसाठी कमोड बसवलेलं. मोजणीची नोटीस तुम्हालाही आली होती, ती तुम्ही नेहमीप्रमाणे उघडली नसेल. नकाशा येईल तो मात्र उघडा, पण बसून उघडा. ते बाथरूम तेवढं राहू द्या. शेजाऱ्याला माफ कसं करावं, ते वर सविस्तर लिहिलंच आहे.

आणखी एक ता. क. : पत्र सिंधूला वाचून दाखवलं तर ती हसायलाच लागली. तिने कांताबाईंना मोजणीच्या दिवशीच सगळं सांगितलं होतं म्हणे. म्हणजे गेले आठ दिवस तुम्ही रोज फोन करून सिंधूचे गुडघे विचारत होता, ते हे सगळं माहीत असून! एका शब्दाने बोलला नाहीत. देवरावजी, मला नऊ वर्षं लागली हो. दिवाळीला दोघं नक्की या. पहिली आंघोळ तुमची. पाणी मी काढून देतो, जागा तुमचीच आहे.