प्रतिवादी अण्णांना नारळाचं आमंत्रण

कोगनोळी, मंगळवार

तीर्थरूप अण्णांना धाकट्या कलगोंडाचा जय जिनेंद्र.

खासबागेत लेकीकडे तुमच्या डोळ्याचं ऑपरेशन नीट पार पडल्याचं कळलं. थेंब वेळच्या वेळी घालावेत, वाकून काही उचलू नये. दोन वर्षं आपलं बोलणं नाही, म्हणून फोन न करता लिहितो आहे. (कोर्टात तुम्ही प्रतिवादी आहात, पत्रात अजून तीर्थरूपच आहात.)

वखारीमागच्या ज्या दोन गुंठ्यांवर तुम्ही हक्क सांगता, तिथं आमच्या श्रेयांससाठी दोन खोल्या बांधायला कोर्टानं मला परवानगी दिली, आणि तुमच्यापासून संरक्षण म्हणून शुक्रवारपर्यंत पोलीस बंदोबस्तही दिला. बंदोबस्ताचा अर्ज वकिलाच्या कारकुनानं कन्नडमध्ये लिहिला. वाचून दाखवला तर त्यात तुम्ही दांडगे, तापट आणि माणसं जमवणारे निघालात. एवढं नको, म्हटलं. तो म्हणाला, "मालक, एवढं लिवल्याबिगर पोलीस येत न्हाईत." मग मीही सही करून दिली. (तापट तेवढं मी होऊनच राहू दिलं असतं.)

बंदोबस्त म्हणजे मष्णू नावाचा एक हवालदार आणि आपल्याच घरची एक खुर्ची. पहिल्या दिवशी त्यानं काम चोख केलं, म्हणजे मलाच अडवलं. तुमची ओळख पटावी म्हणून अर्जाला जोडलेल्या फोटोत आपण दोघंही आहोत, आणि नाक दोघांनाही आप्पांचंच. मी आधारकार्ड दाखवलं, तर वडिलांचं नाव, आडनाव, गाव, सगळं प्रतिवादीचंच निघालं. अर्धा दिवस मी माझ्याच बंदोबस्ताबाहेर उन्हात उभा होतो. शेवटी कांता आली आणि "ह्यो माझा नवरा हाय, सोडा त्यास्नी," म्हणाली, तेव्हा आत घेतलं. आता तीच त्याला दिवस मावळायच्या आत आपल्या पद्धतीचं जेवायला घालते. कांदा नसलेल्या आमटीविषयी त्यानं अजून तक्रार केलेली नाही, पण तो वाळत चालला आहे.

खरी अडचण पुढेच आहे. पाया खणून झाला, दोरी ताणली, आणि रवळू गवंडी थापी खाली ठेवून बसला. म्हणाला, "थोरल्याच्या हातचा नारळ फुटल्याबिगर मी दगुड लावणार न्हाय." थोरला प्रतिवादी आहे, असं मी समजावलं. "ते कोर्टात. हितं थोरला त्यो थोरलाच. तुमच्या वखारीच्या पायाला माझा बा हुता, तवाबी आप्पांचं थोरलं भाऊच आलतं." कांता त्याच्याच बाजूची. तीन दिवस पाया उघडा आहे. हवालदाराला रोज संध्याकाळी कामात कोण आडवं आलं ते वहीत लिहावं लागतं. त्यानं तिन्ही दिवस गवंड्याचं नाव लिहिलं आहे.

वहिनींना नमस्कार सांगावा.

तुमचा,
कलगोंडा (वादी)

ता. क. शुक्रवारी बंदोबस्त उठतो, म्हणून गुरुवारी सकाळच्या गाडीनं यावं. नारळ आणून ठेवला आहे. तुम्हाला वाकायला लागू नये म्हणून फोडायचा दगड कट्ट्यावर चढवला आहे.

आणखी एक. नारळ झाल्यावर पाच-दहा मिनिटं तुम्ही रीतसर अडवणूक करावी. हवालदाराची बिचाऱ्याची पंचाईत होते आहे. अडवणूक झाली की हात धुऊन जेवायला बसू.

फोटोवरून रागावू नये. श्रेयांसच्या लग्नातला आहे, तुमचा एकट्याचा घरात सापडला नाही. वकील म्हणाले होते, थोरले तेवढे कापून लावा. कात्री घेऊन बसलोही होतो. पण तुमचा हात माझ्या खांद्यावर आहे, अण्णा. तुम्हाला कापून काढायचं तर माझा खांदा जात होता, म्हणून अख्खाच लावला.